स्वप्नांवर सत्ता चालवणारा तो दगड कुणी फोडला, तेही लिहा

मराठीत अद्भुतकथा लिहिणाऱ्या मित्रमैत्रिणींनो,

तुमच्यातले कुणी कथा-कादंबऱ्या लिहितात, कुणी चित्रकथा काढतात, कुणी मोबाइलवरचे खेळ रचतात. मी कॉलेजात भूशास्त्र शिकवते. माझे विद्यार्थी तुमचं लेखन आवडीनं वाचतात, त्यांच्यातले काही स्वतःही लिहू लागले आहेत, आणि गोष्टीत खनिजाचं काही आलं की मजकूर माझ्याकडे येतो. त्यामुळे एका दगडाची माझी चांगलीच ओळख झाली आहे. तो काळा-जांभळा असतो, आतून मंद उजळतो. उशाशी ठेवून झोपलं तर दुसऱ्याच्या स्वप्नात शिरता येतं, मुठीत धरला तर सावल्या आज्ञा पाळतात. नावं निरनिराळी, दगड तोच. सापडतोही एकाच तऱ्हेनं. दूर उत्तरेकडच्या बर्फाच्या डोंगरात, एखाद्या गुहेतल्या चौथऱ्यावर, आयता.

या दगडाबद्दल मला तुमच्याशी मनापासून बोलायचं आहे. तो गोष्टीतून काढून टाका असं मी अजिबात म्हणणार नाही. स्वप्न आणि सावली यांच्यावर चालणारं खनिज ही कल्पना मला फार मोलाची वाटते, म्हणूनच ती इतक्या स्वस्तात गेलेली बघवत नाही. खनिज म्हटलं की ते कुठल्या तरी जमिनीत घडलेलं असतं. त्याच्या घडणीला नियम असतात. आणि कुणीतरी घाम गाळून ते बाहेर काढलेलं असतं. तुमच्या दगडाला यातलं काहीच नाही. ते त्याला द्या, एवढंच माझं मागणं आहे.

जमीन शोधायला लांब जायला नको. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी इथे भेगांमधून लाव्हा वाहिला, थरावर थर चढले, आणि त्यातून दख्खनचा कातळ झाला. आजही हा काळा बसाल्ट सुमारे ५ लाख चौरस किलोमीटरवर पसरलेला आहे. लाव्हा थिजताना आतले वायू बुडबुड्यांच्या रूपानं अडकले. आंबोळीला जाळी पडते, तशा कातळात पोकळ्या राहिल्या. मग लाखो वर्षं त्या पोकळ्यांतून खनिजं विरघळलेलं कोमट-गरम पाणी झिरपत राहिलं आणि भिंतींवर स्फटिक वाढत गेले. मिट्ट काळोखात, कुणी बघायला नसताना.

खडीच्या खाणीत सुरुंग उडाल्यावर अशी एखादी पोकळी उघडते. धूळ खाली बसते, घणानं आणखी एक घाव घातला जातो, आणि काळ्या दगडाच्या पोटात फिक्या गुलाबी स्टिल्बाइटच्या जुड्या दिसतात. कुठे हिरवट अपोफिलाइटचे चौकोनी, काचेसारखे लख्ख स्फटिक. कुठे ओकेनाइटचे पांढरे लोकरी गोळे, ज्यांना नुसतं बोट लागलं तरी तंतू चिकटून बसतात आणि नमुना कायमचा बिघडतो. पुण्याजवळच्या वाघोलीच्या खाणींत तर कॅव्हन्साइट मिळालं. पांढऱ्या स्टिल्बाइटवर बसलेले गडद निळे, काटेरी, बोराएवढेही नसलेले गोळे. कॅल्शियम, व्हॅनेडियम आणि सिलिकेट यांचं हे खनिज पहिल्यांदा सापडलं १९६०च्या दशकात अमेरिकेतल्या ओरेगॉनमध्ये, पण त्याचे जगातले सर्वांत देखणे नमुने वाघोलीचे मानतात. भिंगाखाली ते निळं पाहिलेली मुलं काही क्षण बोलत नाहीत. एवढं निळं दगडात असू शकतं यावर त्यांचा विश्वासच बसत नाही, आणि त्यांच्यातली निम्मी मुलं रोज वाघोलीवरून ये-जा करत असतात.

हे सगळं हाताशी असताना तुमचा जादूचा दगड बर्फाळ गुहेत का पडून आहे?

श्रद्धेच्या बाजूनं बघितलं तरी तेच. नीलम अंगठीत बसवण्याआधी काही रात्री उशीखाली ठेवून झोपायचं आणि कोणती स्वप्नं पडतात ते बघायचं, ही चाल तुम्ही घरात किंवा शेजारी ऐकली असेल. वाईट स्वप्न पडलं तर खडा परत. आता हा नीलम कुणाचा, तर शनीचा. शनी कुणाचा मुलगा? छायेचा. सूर्याचं तेज सोसेना म्हणून संज्ञा स्वतःची सावली घरात ठेवून निघून गेली, त्या सावलीच्या पोटी शनी जन्मला. म्हणजे सावलीच्या मुलाचा खडा, आणि त्याची परीक्षा स्वप्नात. गोमेद राहूचा, लसण्या केतूचा, आणि हे दोघेही छायाग्रह. रामकथेतली सिंहिका आठवा. समुद्रावरून उडणाऱ्या हनुमंताला ती पकडते ती पाण्यावर पडलेल्या त्याच्या सावलीला धरून. चांदण्यात पाझरणारा चंद्रकांत मणी आणि उन्हात आग टाकणारा सूर्यकांत मणी हे आपल्या जुन्या कवींनी कल्पिलेले दगड आहेत, आणि बघा, त्यांना दोघांनाही नियम आहे. कधी, कशानं, काय होतं ते ठरलेलं आहे.

स्वप्नाचीही आपल्याकडे फार गंभीर परंपरा आहे. हरिश्चंद्रानं राज्य दिलं ते स्वप्नात, आणि जाग आल्यावरही तो शब्द त्याला बांधून राहिला. उषेनं स्वप्नात पाहिलेला तरुण चित्रलेखेनं चेहरे काढून काढून शोधला. तुकोबांना गुरूंचा उपदेश स्वप्नात झाला, आणि बहिणाबाईंवर तुकोबांचा अनुग्रह झाला तोही स्वप्नातच. जातीच्या, अंतराच्या भिंती जिथे आड येत नाहीत अशी जागा म्हणून आपल्या संतांनी स्वप्नाकडे पाहिलं. अशा जागेत तुमचा खलनायक दगड हातात घेऊन शिरतो, तेव्हा तो काय मोडतो आहे याची जाणीव तुमच्या वाक्यांत उतरायला हवी. नुसती भीतीदायक दृश्यं रंगवून ती उतरत नाही.

आता नियमांविषयी. हा माझा विषय, त्यामुळे थोडं सविस्तर लिहिते.

दख्खनच्या पोकळ्यांतली बरीचशी खनिजं झिओलाइट गटातली आहेत. १७५६ साली क्रोनस्टेट नावाच्या स्वीडिश खनिजतज्ज्ञानं अशा एका खनिजाला आच दिली, तेव्हा ते उकळल्यासारखं फसफसलं. कारण झिओलाइटच्या अंगात अणूंच्या चौकटीत बारीक बारीक बोळ असतात आणि त्या बोळांत पाणी वस्ती करून असतं. बेतानं तापवलं की पाणी निघून जातं, चौकट मात्र ढासळत नाही. गार झाल्यावर हवेतल्या ओलाव्यातून ते पुन्हा पाणी भरून घेतं. घर तेच, राहणारे बदलतात.

हॅकमनाइट हे सोडालाइटचं एक रूप. ग्रीनलंडमधलं हॅकमनाइट फोडल्या-फोडल्या गुलाबी-जांभळं दिसतं आणि उजेडात बघता बघता फिकं पडतं. अंधारात ठेवलं किंवा अतिनील किरण दिले की रंग परततो. त्याच्या स्फटिकात काही जागा रिकाम्या असतात, तिथे इलेक्ट्रॉन अडकले की रंग दिसतो, दिसणाऱ्या प्रकाशानं ते सुटले की रंग जातो. मनःशीळ मात्र एकदा बिघडली की पूर्ववत होत नाही. लाल-केशरी, सुंदर, आर्सेनिकमुळे विषारी, आणि उजेडात राहिली तर तिचा पिवळा भुगा होतो. म्हणून संग्रहालयं तिला अंधाऱ्या कपाटात ठेवतात. उजेडाला भिणारा दगड आणि उजेडात रंग सोडणारा दगड, दोन्ही खरे आहेत.

स्वप्नांनाही वेळापत्रक आहे. १९५३ साली शिकागो विद्यापीठात असेरिन्स्की आणि क्लाइटमन यांनी दाखवून दिलं की झोपेत ठरावीक अंतरानं बुबुळं भराभर हलू लागतात, आणि त्या वेळी उठवलेली माणसं बहुतेकदा स्वप्नं सांगतात. झोपेचं चक्र साधारण ९० मिनिटांचं. हा हलत्या बुबुळांचा टप्पा रात्र सरत जाते तसा लांबत जातो, त्यामुळे पहाटेची स्वप्नं लांबलचक असतात आणि लक्षातही राहतात. पहाटेचं स्वप्न खरं होतं, असं आजी का म्हणत असे, त्याची निदान अर्धी उकल इथे आहे. त्या टप्प्यात हातापायांचे स्नायू जवळजवळ लुळे पडलेले असतात. स्वप्नात धावणारा माणूस अंथरुणात निश्चल असतो.

हे सगळं शिकवता शिकवता मीही एक खनिज मनात घडवलं. ते पूर्ण काल्पनिक आहे. त्याला मी निजगार म्हणते. तुम्हाला दाखवण्यासाठी त्याचे गुण लिहिते.

निजगार घडतो दोन लाव्हाथरांच्या मधल्या तांबड्या मातीच्या पट्ट्यालगत, घाटातल्या रस्त्यांवर डोंगर कापलेला असतो तिथे तुम्ही ज्या लाल रेघा बघता, तिथे. रंग ओल्या कातळाचा, म्हणजे काळाच, पण तिरका धरला तर खोलवर जांभळा. नख लागलं तर ओरखडा उठत नाही, सुरीनं उठतो. त्याच्या अंगातही बोळ आहेत. त्यांत पाण्याऐवजी स्वप्नं वस्ती करतात. माणसाच्या डोक्याची ऊब मिळाली की पहाटेच्या प्रहरात तो साठवलेलं स्वप्न सोडतो, आणि बोळ रिकामे झाले की शेजारी झोपलेल्याचं स्वप्न ओढून घेतो. तो स्वप्न निर्माण करत नाही. त्यातून मिळालेलं प्रत्येक स्वप्न आधी कुणाचं तरी होतं, आणि त्या माणसाकडे ते आता नाही. एवढ्या एका नियमानं तुमच्या कथेत बाजार उभा राहतो, चोरी उभी राहते, रोज निजगार वापरणाऱ्या श्रीमंताच्या घरात झोपणाऱ्या मोलकरणीला गेली काही वर्षं स्वप्नं का पडत नाहीत, हा प्रश्न उभा राहतो.

सावलीचा नियम याहून महत्त्वाचा. सावलीला उजेड लागतो. कोट्यवधी वर्षं बंद पोकळीत वाढलेल्या स्फटिकानं काळोख पाहिलेला असतो, सावली कधीच पाहिलेली नसते. पोकळी फुटते, ऊन आत येतं, आणि निजगारावर आयुष्यातली पहिली सावली पडते. ती तो धरतो आणि सोडत नाही. त्याच सावलीच्या बळावर तो पुढे इतर सावल्यांना हलवतो.

आता विचार करा, ती पहिली सावली कुणाची असेल?

घण ज्याच्या हातात आहे त्याची. ती राजपुत्राची नसते आणि भाकितात सांगितलेल्या वारसाचीही नसते. खाणीवर रोजानं दगड फोडणाऱ्या माणसाची किंवा बाईची असते. महाराष्ट्रात पिढ्यान्‌पिढ्या विहिरी खणल्या, तळी बांधली, घाट फोडले ते वडार समाजातल्या आणि अशाच कष्टकरी घरांतल्या माणसांनी. दख्खनच्या स्फटिकांची कीर्ती युरोपात पोचली त्यात बोरघाटातल्या रेल्वेच्या कामाचा मोठा वाटा आहे. १८६३मध्ये तो मार्ग खुला झाला. बोगदे फोडताना निघालेले अपोफिलाइट आणि स्टिल्बाइटचे नमुने तिकडच्या संग्रहालयांत गेले, आजही आहेत. त्याच कामावर पटकीनं आणि अपघातांत हजारो मजूर मेले. नमुन्यासोबतच्या चिठ्ठीवर खनिजाचं नाव असतं, ठिकाण असतं, भेट देणाऱ्या साहेबाचंही नाव बहुतेकदा असतं. फोडणाऱ्याचं कुठेच नसतं. माझ्या निजगारात ते असतं. दिवाणखान्यात काचेच्या पेटीत ठेवलेल्या प्रत्येक निजगारात एक माणूस वाकलेला आहे, हात वर उचललेला, आणि तिकडे खाणीवर तो माणूस उन्हात सावलीविना वावरतो आहे.

ही माझी कल्पना झाली, पण खनिज माणसाकडून काहीतरी काढून घेतं हे खरं आहे. गुजरातेत खंबातला अकीक याच दख्खनच्या कातळातून आलेला. त्याच्या मण्यांचा व्यापार हडप्पा काळापासूनचा. ते घासून गुळगुळीत करणाऱ्या कारागिरांच्या छातीत सिलिकाची धूळ साठते, सिलिकोसिस होतो, आणि तो बरा होत नाही. फुप्फुसात गेलेली धूळ परत येत नाही. स्पेनमध्ये आल्मादेनला हिंगुळाच्या, म्हणजे पाऱ्याच्या खनिजाच्या, खाणीत कैदी आणि गुलाम पाठवले जात. पाऱ्याच्या वाफेनं त्यांचे हात थरथरत, बोलणं अडखळे, झोप उडे. झोप घेणारं खनिज जगात होऊन गेलं आहे. त्याला मंत्राची गरज पडली नव्हती. आपल्या खडी क्रशरवर तोंडाला रुमाल बांधून काम करणाऱ्या बाया तुम्ही हायवेवरून जाताना पाहिल्या असतील. त्या रुमालानं बारीक धूळ अडत नाही.

मी हे सांगते ते तुमच्या कथेत उपदेश घालावा म्हणून नाही. जादूला किंमत असावी, हे तुम्ही सगळेच मानता. पण तुमच्या गोष्टींत ती किंमत नेहमी वापरणारा मोजतो. त्याच्या केसात पांढरी बट येते, डोळ्याखाली काळं येतं, फार तर तो वेडा होतो. खनिजाची किंमत आधी काढणारा मोजतो, वापरणाऱ्याचा नंबर फार मागे लागतो. हे एकदा मनात बसलं की कथेचा नायकच बदलू शकतो. गावातल्या खाणीवर सावली हरवलेल्या आईची मुलगी ती सावली शोधत मुंबईपर्यंत, मुंबईहून लंडनच्या संग्रहालयापर्यंत जाते, ही गोष्ट मला वाचायची आहे. ती तुमच्यापैकी कुणीतरी लिहावी असं मला फार वाटतं.

तिच्यासाठी एक दुवा देऊन ठेवते. महाराष्ट्र अख्खा कर्कवृत्ताच्या दक्षिणेला आहे, त्यामुळे इथल्या प्रत्येक गावात वर्षातून दोनदा भर दुपारी सूर्य अगदी डोक्यावर येतो आणि उभ्या काठीची सावली काही क्षण दिसेनाशी होते. शून्य सावलीचा दिवस. कोल्हापूरकडे मेच्या पहिल्या आठवड्यात, मुंबई-पुण्याकडे मेच्या मध्यावर, नागपूरकडे मेच्या शेवटी. दुसरी फेरी पावसाळ्यात येते आणि बहुधा ढगात जाते. त्या क्षणी निजगाराची पकड सुटते. पण अट अशी की दगड जिथे फुटला त्याच जागी, त्याच अक्षांशावर, उघड्या उन्हात तो ठेवलेला असला पाहिजे. लंडनमध्ये सूर्य कधीच डोक्यावर येत नाही. तिथे ती सावली सुटूच शकत नाही. दगड परत आणावा लागेल, आणि वेळेवर आणावा लागेल. पावसाळ्यातल्या दुसऱ्या फेरीवर भरवसा ठेवून चालणार नाही.

आणखी एक गोष्ट, जी गोष्टीबाहेरची आहे. दख्खनच्या या स्फटिकांना आता जगभर ‘शांत झोप देणारे’, ‘स्वप्नं जागवणारे’, ‘सावलीतली वाईट ऊर्जा शोषणारे’ म्हणून गिऱ्हाईक आहे. खाणीवर किरकोळ पैशांत दिलेला तुकडा असल्या चिठ्ठीसह मोठ्या किमतीला जातो. स्टिल्बाइट उशाशी ठेवल्यानं झोप लागत नाही. रात्र रात्र झोप नसलेल्या माणसाला डॉक्टरकडे जायला हवं, आणि त्याचे पैसे खड्यात घालवायला लावणं हा अन्याय आहे. तुमची जादू जितकी प्रभावी, तितकी ती या विक्रेत्यांच्या उपयोगी पडते, हे लक्षात असू द्या. म्हणून कृपा करून तुमच्या जादूच्या दगडाला खऱ्या खनिजाचं नाव देऊ नका. गुण हवे तेवढे खऱ्या खनिजांकडून घ्या, नाव मात्र तुमचं घडवा. आपल्या भाषेत गार आहे, खडा आहे, शीळ आहे, कांत आहे, मणी आहे. हवं ते जोडता येतं.

निजगार कुणाला घ्यायचा असेल तर खुशाल घ्या, मला विचारायचीही गरज नाही. त्याचे नियम बदला, वाढवा. तो कसा दिसेल हे चितारायचं असेल तर एकदा सिन्नरच्या गारगोटी संग्रहालयात दिवसभर बसा आणि झिओलाइट नीट बघा, चित्रांमधून बघून ते कळत नाहीत. खाण बघायची असेल तर मुकादमाला विचारून, सुरुंगाची वेळ सोडून जा, आणि तिथे काम करणाऱ्यांशी बोला. पोकळी कशी उघडते, ऊन आत कसं पडतं, हे माझ्यापेक्षा त्यांना जास्त ठाऊक आहे. लिहून झालं की कच्चा मसुदा असला तरी पाठवा. माझ्या वर्गात तो वाचणारे पुष्कळ आहेत.

तुमची,
भूशास्त्र शिकवणारी एक वाचक